लुबाबाच्या उंबराची पहिली फळी

हिजरी सन दोनशे साठ. मित्रांनो, गोष्ट सुरू करण्याआधीच मी साल सांगून टाकले. म्हातारी विसरेल म्हणून घाईने सांगितले, असे समजू नका. मी काही विसरत नाही. साल आधी सांगण्याला कारण आहे, आणि शेवटपर्यंत ऐकाल तर ते तुम्हांला कळेल.

मी एक जुनी फळी आहे. उंबराच्या लाकडाची. माणसाच्या उंचीहून लांब, दीड वीत रुंद. माझ्या अंगावर अक्षरे आहेत, पण ती खोदलेली नाहीत. अक्षरांच्या भोवतीचे लाकूड काढून टाकले आणि अक्षरे तेवढी वर उठून राहिली. ताठ, कोनदार, एकही ठिपका नसलेली अशी ती जुन्या वळणाची अक्षरे आहेत. त्यांची टोके वर जाऊन पानासारखी उमलतात. माझी सुरुवात अल्लाहच्या नावाने होते, कारण आम्हां पाच बहिणींत मी पहिली.

फळी होण्याआधी मी झाड होते. फुस्तात शहरात कुंभारांची गल्ली जिथे नदीकडे उतरते, तिथे लुबाबाच्या अंगणात मी उभी होते. आमच्याकडच्या उंबराची एक गंमत आहे. त्याचे फळ आपोआप गोड होत नाही. ते हिरवे असतानाच कुणीतरी झाडावर चढून एकेका फळाला छोट्या सुरीने चीर द्यावी लागते. मग ते फुगते, मऊ होते आणि मधासारखे लागते. चीर दिली नाही, तर तसेच कडू राहून गळून पडते. लुबाबाचा नवरा मुतैर हे काम करी. तो पखालवाला होता. सकाळी नदीचे पाणी वाहून मशिदीचा हौद भरायचा आणि दुपारी ती सुरी दातांत धरून माझ्या फांद्यांवर चढायचा. त्या दोघांना मूलबाळ नव्हते. गल्लीतली सगळी पोरे खाली ओंजळी पसरून उभी राहत.

"एका वेळी एक," मुतैर वरून ओरडायचा. "मी काही माकड नाही."

"मग तसा दिसतोस कसा?" लुबाबा खालून विचारायची.

गल्लीची मशीद तेव्हा फार जुनी झाली होती. मातीच्या भिंती आणि वर खजुराच्या खोडांचे छप्पर. खोडांना वाळवी लागली होती. एके दिवशी नमाजाच्या वेळी त्यातला एक तुकडा तुटला आणि नेमका मुतैरच्या खांद्यावर पडला. खांदा सुजला, ताप चढला, तो उतरेचना. तेव्हा अंथरुणावरून मुतैर नवस बोलला, की यातून उठलो तर अंगणातला उंबर अल्लाहच्या घराला देईन.

तो उठला. पखाल पुन्हा खांद्यावर आली. पण नवस मात्र राहून गेला.

"या वर्षीची फळं उतरू देत," तो म्हणायचा.

"आणि उन्हाळाही निघू दे," लुबाबा म्हणायची. "सावली कुठून आणणार?"

अशी वर्षे गेली. त्यात कुणाचे वाईट मन नव्हते. झाडच तसे होते, भरल्या घरासारखे. मग एके दुपारी हौद भरून आलेला मुतैर माझ्या सावलीत आडवा झाला, तो पुन्हा उठलाच नाही.

विधवेने घरात बसायचे दिवस संपले, तशी लुबाबा इमामसाहेबांच्या दारात जाऊन उभी राहिली.

"मेलेल्या माणसाचा नवस जिवंत माणसानं फेडला तर चालतो का?"

"चालतो," इमामसाहेब म्हणाले. "उलट फेडलाच पाहिजे. नाहीतर ते ओझं त्याच्या मानेवर राहतं."

"मग कुऱ्हाडवाला पाठवा."

शेजारणींनी तिला पुष्कळ समजावले. सावली जाईल, फळे जातील, मग तुझ्याकडे राहील काय, असे त्यांनी विचारले. "अंगण राहील," लुबाबा म्हणाली. मला तोडताना ती घरात जाऊन बसली नाही. दारात उभी राहून शेवटच्या घावापर्यंत पाहत होती. डोळ्यांत पाणी होते, पण तिने कुऱ्हाडवाल्याला एकदाही थांब म्हटले नाही. तो निर्धार मी तेव्हा पाहिला, आणि लाकूड झाल्यावर मीही तोच धरला.

त्यांनी मला कालव्यात दगड बांधून बुडवून ठेवले. उंबराचा चीक पाण्यात निघून गेला की लाकडाला कीड लागत नाही. कालव्यातून काढले, सावलीत सुकवले, तोवर मशिदीचे काम जोरात सुरू झाले होते. जुनी पाडून नवी बांधायची, असे गल्लीने ठरवले होते. ज्याला जे जमेल ते त्याने द्यायचे. कुंभारांनी विटा दिल्या. संगमरवराचे खांब कुठल्या तरी पडक्या वाड्यातून आले, त्यामुळे एकाची उंची दुसऱ्याला जुळेना आणि ठेंगण्या खांबांखाली दगड सारावे लागले. छताच्या तुळया अबू कुदामा यांनी दिल्या. हे तागाच्या कापडाचे मोठे व्यापारी होते आणि सगळ्या कामावर देखरेख त्यांचीच होती. हात सढळ, पण धीर थोडा.

"उंबर वाकडा आहे," त्यांनी मला पाहून सांगितले. "छताला चालायचा नाही."

"पण नवसाचा आहे," इमामसाहेब म्हणाले.

शेवटी असे ठरले, की मक्केच्या दिशेच्या भिंतीवर, छताच्या जरा खाली, लाकडाची एक लांब पट्टी बसवायची आणि तिच्यावर अक्षरे कोरायची. शनूदा सुताराने माझ्या खोडातून पाच फळ्या कापल्या. शनूदा ख्रिस्ती होता. नदीवरच्या होड्या, चर्चचे दरवाजे, मशिदींची छपरे, सगळे त्याच्याच घराण्याच्या हातचे. त्याला आकडे टाकता येत, पण अरबी वाचता येत नसे.

कोरण्याचे काम उस्ताद हुबैश यांच्याकडे होते. अक्षरांचा एवढा जाणकार शहरात दुसरा नव्हता, आणि जिभेला एवढी धारही दुसऱ्या कुणाच्या नव्हती. ते आधी बोरूने आमच्या अंगावर अक्षरे रेखत. रेखताना श्वास रोखून धरत. मग पटाशी घेत. पटाशीचा पहिला घाव बसला तेव्हा माझ्या बहिणी दचकल्या. मी त्यांना म्हटले, अगं, चिरेची भीती आपल्याला कधीपासून? चीर दिल्याशिवाय आपलं फळ तरी गोड झालं होतं का?

काम पुरे होत आले, तसे उस्तादांचे डोळे अधू होत गेले. दोन्ही डोळ्यांपुढे धुके यायचे. शेवटच्या फळीवरचे साल तर त्यांनी बोटांनी चाचपून पुरे केले. हे आपले शेवटचे काम, हे त्यांना ठाऊक होते. गल्लीलाही ठाऊक होते, पण कुणी बोलून दाखवत नसे. आमच्यावरचे वाक्य सलग होते. पहिल्या फळीवर अल्लाहचे नाव, मधल्या तिघींवर अल्लाहच्या घराची निगा कोण राखतो हे सांगणारे वचन, आणि पाचवीवर, म्हणजे आमच्या धाकटीवर, साल.

फळ्या बसवण्याच्या वेळी वैद्यांनी उस्तादांच्या डोळ्यांवर लेप घालून त्यांना घरी बसवले होते. जाण्यापूर्वी त्यांनी शनूदाला बजावले, "पाठीमागे आकडे टाक. एकापासून सुरू कर, पाचावर संपव. डोकं चालवू नकोस."

शनूदाने डोके अजिबात चालवले नाही. एकापासून सुरू करून पाचावर संपवले. वर भिंतींना सफेदी व्हायची होती, म्हणून आमच्यावर लगेच चटया टाकल्या. परांची उतरवली आणि ज्याची होती त्याने ती दुसऱ्या बांधकामावर नेली.

रमजानला एक दिवस उरला, तेव्हा चटया काढल्या. सगळी गल्ली जमली होती. नवी अक्षरे पहिल्यांदा इमामसाहेबांनी मोठ्याने वाचायची आणि लोकांनी आमीन म्हणायचे, अशी आमच्या गल्लीची रीत होती. अरबी उजवीकडून डावीकडे वाचतात, म्हणून इमामसाहेब उजव्या टोकाकडे पाहत घसा खाकरून वाचू लागले.

"...साठ आणि दोनशे साली," ते म्हणाले आणि थांबले.

मग मागून एक कुंभार म्हणाला, "इमामसाहेब, अल्लाहचं नाव कुठं गेलं?"

"येईल," दुसरा म्हणाला. "डावीकडून निघालंय. चालत येतंय."

लोक हसले, आणि अबू कुदामांनी वळून पाहिले तसे गप्प झाले. मी डाव्या टोकाला, अंधाऱ्या कोपऱ्यात होते. जिथे वाक्य संपायचे, तिथे मी त्याची सुरुवात घेऊन लटकले होते. मित्रांनो, लाकडाला लाज वाटत नाही असे म्हणणाऱ्याने एकदा माझ्या जागी लटकून पाहावे.

उस्तादांना हाताला धरून आणले गेले. त्यांना दिसले नाही, पण कुणीतरी उजवीकडून वाचून दाखवल्यावर त्यांचा चेहरा पांढरा पडला.

"शनूदा, मी काय सांगितलं होतं?"

"एकापासून सुरू कर म्हणालात. एकापासूनच केलं. डावीकडून."

"डावीकडून कुणी सुरू करतं का?"

"आमच्याकडे सगळेच करतात, उस्ताद. आमचं पुस्तकही तसंच."

"तुझ्या पुस्तकात घाल माझी फळी."

"तुम्ही बाजू सांगितली नाहीत."

"सूर्य कुठून उगवतो तेही सांगायचं का तुला?"

खरे तर दोघांपैकी कुणाचेच चुकले नव्हते. आमच्या शहरात दोन हात एकाच कामावर शेजारी चालत, एक उजवीकडून आणि एक डावीकडून. एरवी ते मधे कुठेतरी भेटत. या वेळी भेटले नाहीत.

अबू कुदामांचा धीर सुटला. रमजानच्या पहिल्या रात्री त्यांनी शहरातल्या मोठ्या लोकांना नमाजाला बोलावून ठेवले होते. त्यांनी इराकहून आलेल्या गिलावेवाल्याकडे पाहिले. तो मेहराबीचे, मक्केची दिशा दाखवणाऱ्या कोनाड्याचे, काम संपवून रिकामाच बसला होता.

"या पट्टीच्या जागी गिलाव्यात वेलबुट्टी काढायला किती वेळ लागेल?"

"एक दिवस," गिलावेवाला म्हणाला. "आमच्याकडे आता लाकूड कुणी लावत नाही. जुनं झालं ते."

"मग काढा ही लाकडं. हमामवाल्याला सांगा, गाढव घेऊन ये."

हमामवाला दारातच होता. आमच्या देशात लाकूड फार थोडे, आणि हमामाची, म्हणजे गावच्या न्हाणीघराची, भट्टी सदा उपाशी. "सुकं आहे ना?" एवढेच त्याने विचारले.

शिडी लावली गेली. तेवढ्यात बायकांच्या बाजूने लुबाबा उठली. हातात चाती आणि तागाचा पेळू होता. ती शिडीपाशी आली आणि नेमकी आमच्या खाली मांडी घालून बसली. चातीला फिरकी दिली आणि सूत काढू लागली.

"लुबाबा, ऊठ," अबू कुदामा म्हणाले. "डोक्यावर लाकूड पडेल."

"पडू दे. माझ्या नवऱ्याच्या खांद्यावर पडलं होतं, त्यातूनच हे सगळं सुरू झालं."

"तुझा नवस फिटला. तू लाकूड दिलंस, आम्ही घेतलं. संपलं."

"तो नवस अल्लाहच्या घराला बोलला होता. लोकांच्या अंघोळीच्या पाण्याला नाही."

मागे कुणीतरी हसू दाबले. अबू कुदामांनी इमामसाहेबांकडे पाहिले. "तुम्हीच सांगा तिला. फिटला की नाही?"

इमामसाहेबांनी वर आमच्याकडे पाहिले. "लाकूड या घरात राहिलं तर फिटला," ते म्हणाले. "राहायला आलेलं लाकूड आपणच भट्टीत घातलं, तर... मी तरी फिटला म्हणणार नाही. मुतैरच्या मानेवरचं ओझं कसं उतरलं म्हणू?"

"ऐकलंत," लुबाबा म्हणाली. तिचे सूत तुटले नव्हते. "मला उचलून बाहेर काढायचं असेल तर काढा. विधवेला मशिदीतून ओढून नेलं, हे तुमच्या पाहुण्यांना मग तुम्हीच सांगा."

अबू कुदामांनी कपाळावरचा घाम पुसला. वाईट माणूस नव्हता तो, फक्त घायकुतीला आला होता. "उद्या संध्याकाळी चंद्र दिसेल," ते शेवटी म्हणाले. "चंद्र दिसायच्या आत फळ्या जागच्या जागी आल्या तर राहतील. नाहीतर भट्टीत. मात्र परांची मी देणार नाही. माझ्याकडे नाहीच."

लुबाबा उठली ती थेट नदीवर गेली. हे सगळे पुढे ती माझ्या खाली बसून शेजारणींना इतक्या वेळा सांगत असे, की मला पाठ झाले आहे. मुतैरचा धाकटा भाऊ जुंदुब होडीवाला होता. तो शीड ठीकठाक करत होता.

"तुझ्या डोलकाठ्या हव्यात," ती म्हणाली. "आणि कप्प्या, दोर आणि तुझी माणसं. उद्या सकाळी."

"वहिनी, वारा बघ कसा सुटलाय. उद्या नदीनं वर गेलो नाही तर गव्हाचा व्यापारी माझी मुंडी पिरगाळेल."

"तुझ्या भावाचा नवस आहे."

"भावाचा नवस. भावानं तरी कुठं घाई केली होती?"

"त्यानं केली नाही म्हणून तर तू कर."

जुंदुबने शिडाची गाठ पुन्हा सोडली.

तिथून ती शनूदाकडे गेली. तो हत्यारे बांधून गावाकडे निघायच्या बेतात होता. "मी तिथं दिसलो तर उस्ताद पटाशी फेकून मारतील," तो म्हणाला.

"त्यांना नीट दिसत नाही आता. नेम चुकेल."

शनूदाला हसू आले, आणि हसल्यावर त्याला नाही म्हणता येईना.

सगळ्यात कठीण होते ते उस्ताद हुबैश. ते भिंतीकडे तोंड करून पडले होते. "माझं शेवटचं काम," ते म्हणाले, "आणि ते उलटं."

"उलटं नाही, उस्ताद. अक्षर अन् अक्षर सरळ आहे. फक्त जागा बदलल्यात."

"त्या सुताराच्या शेजारी मी उभा राहणार नाही."

"त्याला वाचता येत नाही, तुम्हांला दिसत नाही. दोघं मिळून एक माणूस होतो. मला तो एक हवाय. चला."

मित्रांनो, दुसऱ्या दिवशीची ती सकाळ मी कधी विसरणार नाही. होडीवाल्यांनी डोलकाठ्या खांद्यावरून आणल्या. चिखलाचा आणि माशांचा वास सगळ्या मशिदीत भरला. त्यांनी काठ्या खांबांना बांधून उभ्या केल्या, कप्प्या लावल्या, दोर ओवले. शनूदा शिडीवर चढला. आम्हांला लाकडी खुंट्यांनी भिंतीत बसवले होते आणि सफेदीच्या पाण्याने त्या खुंट्या फुगल्या होत्या. घाई करून ओढल्या असत्या तर आम्ही चिरफाळलो असतो. त्याने एकेक खुंटी सावकाश, मागून ठोकून सैल केली. खाली अबू कुदामा येरझाऱ्या घालत होते. दर थोड्या वेळाने अंगणात जाऊन सूर्य पाहत, जणू तो त्यांना विचारून पुढे सरकणार होता.

पाच जणींत मधली बहीण मधेच राहते, बाजू कुठलीही धरा. तिला हलवायची गरज पडली नाही. पुढे आयुष्यभर तिने त्याचा तोरा मिरवला.

दुपारी लुबाबाने सगळ्यांना जेवायला वाढले. पावटे, कांदा, भाकरी, आणि होडीवाल्यांसाठी तुपाचा गोळा. शनूदाचा उपास चालू होता. त्याला तूप, दूध चालत नव्हते. तिने त्याच्यासाठी तेलात शिजवलेले पावटे वेगळ्या भांड्यात आधीच काढून ठेवले होते.

"तुमच्या लक्षात होतं?" त्याने विचारले.

"आज तुझा उपास, उद्यापासून माझा," ती म्हणाली. "जेव. रिकाम्या पोटी हात कापतो."

धाकटी डावीकडे गेली. दुसरी आणि चौथी यांची अदलाबदल झाली. शेवटी माझी पाळी आली. मला उजव्या टोकाला वर चढवायचे होते. उस्ताद खाली उभे राहून हाताने माझी कड चाचपत म्हणाले, "हीच. हिला आधी लावायला हवी होती. सांभाळून."

"बाजू सांगा, उस्ताद," शनूदा वरून म्हणाला. "उजवी की डावी? आज विचारून घेतो."

"तुझ्या उजव्या हाताला, गाढवा," उस्ताद म्हणाले. पण आवाजात कालची धार नव्हती.

मी वर चालले होते. दोर कप्पीवर कुरकुरत होता. भिंतीच्या अर्ध्या उंचीवर आले तोच एक गाठ निसटली. माझे एक टोक खाली झुकले आणि संगमरवरी खांबावर आदळले. मोठा आवाज झाला. एका अक्षराच्या टोकाचे पान तुटून खाली पडले.

"झालं," अबू कुदामा म्हणाले आणि खालीच बसले.

त्या क्षणी काय झाले, ते मी सांगते. आदळल्याबरोबर माझ्या अंगातून एक कळ टोकापासून टोकापर्यंत गेली. लाकूड फाटते ते असल्याच वेळी. मला मुतैरची सुरी आठवली. कालव्याच्या तळाचा गारवा आठवला. दारात उभी राहून शेवटच्या घावापर्यंत पाहणारी ती बाई आठवली. मी फाटणार नव्हते. भट्टीत जाण्यासाठी मी एवढे पाणी प्यायले नव्हते. रेषेला रेष घट्ट धरून मी तशीच लटकत राहिले.

जुंदुबने दोर कमरेला गुंडाळून धरला होता. त्याचे हात सोलवटून निघाले, पण दोर सुटला नाही. त्यांनी मला हळूच खाली घेतले. उस्ताद गुडघ्यांवर बसले आणि माझ्या सगळ्या अंगावरून बोटे फिरवली.

"गाभ्याला काही झालेलं नाही," ते म्हणाले. "एक पान गेलं, इतकंच."

"दुसरं कोरून चिकटवायचं?" शनूदाने विचारले.

उस्तादांनी डोळे मिटून मान हलवली. "आता माझ्या हातून पान होणार नाही. आणि दुसऱ्याच्या हातचं मला चालणार नाही. चढव तशीच."

मला चढवले. शेवटची खुंटी ठोकली गेली तेव्हा गल्लीतले लोक चंद्र पाहायला गच्च्यांवर गेलेले होते. वरून गलका ऐकू आला, चंद्र दिसल्याचा. लोक धडाधड खाली उतरले आणि मशीद भरून गेली. डोलकाठ्या तशाच उभ्या होत्या आणि पाहुणे त्यांना वळसा घालून आत येत होते. इमामसाहेबांनी दिवा उंच धरायला लावला आणि उजव्या टोकाकडे पाहिले. माझ्याकडे. त्यांनी अल्लाहचे नाव घेऊन सुरुवात केली आणि एका बहिणीवरून दुसरीवर जात, अल्लाहच्या घराची निगा कोण राखतो ते सांगत, शेवटी ते साठ आणि दोनशे या सालापाशी येऊन थांबले. उस्तादांचे ओठ त्यांच्याबरोबर हलत होते. सगळे आमीन म्हणाले. बायकांच्या बाजूने एक आमीन जरा उशिरा आले. लुबाबा तेव्हा रडत होती.

त्या माणसांचे पुढे काय झाले, तेही सांगितले पाहिजे.

अबू कुदामांनी मरेपर्यंत आमच्या पुढच्या दिव्यांना तेल पुरवले. लाकडी पट्टी ठेवायची कल्पना आपलीच होती, असे ते पाहुण्यांना सांगत. लुबाबा समोर असली तरी सांगत, आणि ती मान डोलवत असे. गिलावेवाल्याला मेहराबीच्या कडेला द्राक्षाचा वेल काढायला मिळाला. तो पुन्हा इराकला गेलाच नाही. कुंभारांच्या गल्लीतलीच बायको केली. जुंदुब त्या दिवशीच्या वाऱ्याला मुकला, गव्हाच्या व्यापाऱ्याने त्याला वर्षभर दारात उभे केले नाही. त्याच्या तळहातांवर दोराचे वळ कायमचे राहिले, आणि हात पसरून ते दाखवण्यात त्याला मोठी धन्यता वाटे. शनूदा पुढे कुठल्याही फळीच्या पाठीमागे आकड्याशेजारी एक चिमणी काढू लागला. चिमणीची चोच ज्या बाजूला, त्या बाजूने सुरुवात. त्याच्या मुलांनी आणि नातवंडांनी ती चिमणी चालू ठेवली. उस्ताद हुबैश दोन वर्षांत पुरते आंधळे झाले. रोज दुपारी ते माझ्या खाली येऊन बसत आणि कुणाही येणाऱ्याला म्हणत, "जरा वाच बघू, नीट आहे का." शनूदा आला की त्यालाही म्हणत. त्याला वाचता येत नसे, पण ऐकून ऐकून पाठ झाले होते. तो म्हणून दाखवी, आणि उस्ताद त्याच्याही चुका काढत.

लुबाबाने मला तोडले त्या दिवशीच माझी एक फांदी ओल्या मातीत खोचून ठेवली होती. ती तिने मशिदीच्या हौदाशेजारी लावली. तिचे झाड झाले. म्हातारपणी लुबाबा खाली उभी राहून पोरांना सांगे, कुठल्या फळाला कशी चीर द्यायची. ती गेली तेव्हा तिला त्याच झाडाखाली धुऊन कफन घातले.

आणि आमचे? पुष्कळ वर्षे आम्ही मानाने राहिलो. मग लोक वर पाहीनासे झाले. दिव्यांची काजळी चढली, चिमण्यांनी घरटी केली, कुणीतरी आमच्यावरून चुना फासला. पुढे शहराला मोठी आग लागली आणि माणसे निघून गेली. मशीद पडली. माझ्या दोन बहिणी शेवटी भट्टीतच गेल्या. मधली कुठे आहे ते मला ठाऊक नाही. असेल तिथे तोऱ्यात असेल. मी एका भटारखान्यात पोहोचले. अक्षरे खाली, पाठ वर, आणि पाठीवर गरम भाकऱ्या. कितीतरी पिढ्यांनी माझ्यावर भाकऱ्या मांडल्या आणि खाली काय आहे ते पाहिले नाही. मग एकदा एका सुनेने घासायला म्हणून मला उलटे केले. ती बघतच राहिली. तिने ओढणीने मला पुसले आणि सासूला हाक मारली. दोघींनी मला शेजारच्या लहानशा मशिदीत नेऊन दिले. आज मी तिथेच आहे, दाराच्या वर, उजव्या बाजूला.

लोक मला वाचतात. अल्लाहचे नाव वाचतात, आणि तुटक्या पानाकडे पाहून हळहळतात. मग विचारतात, ही कुठल्या सालची असेल? कुणाला सांगता येत नाही. साल माझ्या अंगावर नव्हतेच. ते धाकटीच्या अंगावर होते, आणि आगीच्या दिवशी छत कोसळले तेव्हा धाकटी त्याच्याखाली गेली. एके काळी साल आधी आले म्हणून आम्हांला भट्टीत घालायला निघाले होते. आता ते सांगायला मीच उरले आहे. म्हणून आधी सांगितले.

मित्रांनो, तुमच्या आसपास एखादी फळी असेल, दगड असेल, भिंतीवर अर्धवट पुसलेली ओळ असेल. तिच्यावर भाकऱ्या मांडण्याआधी एकदा उलटून पाहा. आणि तिचे साल, तिच्या माणसांची नावे कुणाला ठाऊक असतील, तर ती आजच विचारून घ्या. मुतैरसारखे या वर्षीची फळे उतरण्याची वाट पाहू नका.